शेंडे खुडलेली शेवंती

मैत्रिणींनो, आपली ही फिरती वही आज दुपारी माझ्याकडे पोचली, म्हणून सकाळचीच गोष्ट ताजी ताजी लिहिते.

तहसीलदारांच्या बंगल्यावरच्या माळीचाचांनी उन्हाळ्यात मला शेवंतीची रोपं दिली होती. इथल्या काळ्या मातीत पाणी साचून मुळं कुजतात, म्हणून मी गंगेची, म्हणजे आपल्या गोदावरीची, वाळू मिसळून उंच वाफा केला. चाचांच्या सांगण्यावरून श्रावण संपेपर्यंत शेंडे खुडत राहिले.

सासूबाईंना ते बघवेना. "वाढायलेलं झाड खुडायलीस, त्याला फुलं कुठून येतील? दसऱ्यापर्यंत न्हाई आली तर तिथं मेथी टाकते मी."

दसऱ्याला नुसत्या हिरव्या कळ्या. सासूबाई खुरपं घेऊन वाफ्यापाशी बसल्यासुद्धा. मी म्हटलं, "आत्याबाई, दिवाळी होऊ द्या. मग मीच उपटते." बोलले खरी, पण रोज उठून आधी कळ्या बघायची.

आज तो वाफा असा पिवळाधमक झालाय की पान दिसत नाही. चाचा फाटकाशी थांबले, म्हणाले, "बंगले में बी इत्ते फूल नै आए."

मी तोंड उघडायच्या आत सासूबाई म्हणाल्या, "कसे येतील? शेंडे खुडावे लागतात. आमी श्रावणापर्यंत खुडायलो होतो."

ते "आमी" ऐकून मी चाचांकडे पाहिलं. ते मिशीत हसले. मला तर बक्षीस मिळाल्यागत झालं.

तुमच्या अंगणात कार्तिकात काय फुलतं, आणि त्यासाठी कुणाशी भांडलात?