मधूची न पडलेली भिंत

मधू गेल्याची बातमी किसन गवंड्याने आणली. सायकलवरून उतरला नि म्हणाला, "मास्तर, मधूभाऊ गेले…" मग म्हणाला, "आता भिंतीला चुना कोन देनार?" मला रडू आलं आणि, खरं सांगतो, हसूही आलं.

मधू कचेरीत आवक-जावकचा कारकून. आलेलं पत्र नोंदवायचं, गेलेलं पत्र नोंदवायचं, बस्स. "एकही पत्र वाचलं नाही रे आजवर," म्हणायचा. सत्तरच्या दशकात त्याच्या डोक्यात फिल्म शिरली. माणूस भिंत रचतो, पाडतो, पुन्हा रचतो… शेवटपर्यंत तेच. कष्ट फुकट असतात, हे त्याला दाखवायचं होतं. सायकल विकून त्याने एकच रीळ आणलं. उसना कॅमेरा माझ्या हातात दिला आणि पंचवटीतल्या त्याच्या घरामागे सिन्नरकडच्या किसनला उभं केलं. "मातीत रच, लाथेसरशी पडली पाहिजे," असं बजावलंही.

एका रविवारी भिंत रचली, पाडायची पुढच्या रविवारी. मधू ओरडला, "पाड!" किसनने ओळंबा सोडून भिंत सरळ आहे का ते पाहिलं. "नाय पाडायचो." मधूने स्वतःच लाथ घातली आणि पाय धरून खाली बसला! सिमेंटला परमिट लागायचं त्या दिवसांत या बहाद्दराने दुसऱ्या कामावरचं उरलेलं सिमेंट आमच्या नकळत कालवलं होतं. मधू कचेरीत असताना आठवडाभर येऊन पाणीही मारलं होतं. "कच्चं काम हातून व्हत नाय, भाऊ."

कॅमेरा चालूच होता. फिल्म पाहून सगळे पोट धरून हसले. मधू तेवढा हसला नाही. "त्या गवंड्याने माझी फिल्म खोटी ठरवली," म्हणाला. वर्षभर किसनशी बोलला नाही.

पण भिंत राहिली. तिच्यावर पोरांनी कोळशाने स्टंप काढले, बायकांनी गोधड्या वाळत घातल्या. दर दिवाळीला मधू कुरकुरत तिला चुना द्यायचा, वर नीळ घालून! "कशाला देतोस मग?" मी एकदा विचारलं. "उभी आहे ना? मग नीट दिसू दे."

परवा, दिवाळीच्या तोंडावर, किसनला घेऊन मधूच्या घरी गेलो. मधूचा कुंचा खुंटीवर होता, गेल्या वर्षीच्या चुन्याने कडक झालेला. भिजत घातला. दुपारपर्यंत दोन्ही बाजू झाल्या, कंबर पार मोडली. किसनने ओळंबा सोडला. "सरळ हाय," म्हणाला आणि डोळे पुसले.

कुंचा स्वच्छ धुऊन परत खुंटीवर लावला. पुढच्या वर्षी लागणार आहे.