बाजेवरची म्हातारी

यमदूतांची चित्रमाला काढण्याइतका धीट मी स्वभावाने कधीच नव्हतो. परभणीच्या शाळेत चित्रकला शिकवावी, संध्याकाळी घरी येऊन अक्काच्या हातची भाकरी खावी आणि कोणाच्या वाटेला जाऊ नये, असा माझा क्रम होता. अक्का ही माझी थोरली बहीण. तिचे लग्न ती परकर नेसत होती तेव्हा झाले आणि सासरी नांदायला जाण्याआधीच तापाच्या साथीत तिचा नवरा वारला. ती माहेरीच राहिली. पुढे आईवडील गेले, माझी पत्नीही मूलबाळ न होता गेली, आणि त्या घरात आम्ही दोघे भावंडे उरलो.

चित्रमाला सुरू झाली ती स्टेशनच्या वाटेवरच्या एका शिळाछापाच्या छापखान्यात. तिथे अक्षरांचे शिशाचे खिळे नव्हते. गुळगुळीत दगडावर तेलकट शाईने मजकूर लिहायचा, चित्र काढायचे, आणि त्यावरून कागद छापायचे. दगडावर सगळे उलटे काढावे लागे, तेव्हा कागदावर ते सुलटे उमटे. छपाई झाली की वाळू आणि पाणी घालून दगड घासायचा आणि पुन्हा वापरायचा. निजामाच्या राजवटीत त्या दगडांवर उर्दू फर्माने आणि दाव्यांचे कागद निघत. राज्य गेले, कचेऱ्यांतली उर्दू गेली, आणि छापखान्याचे वृद्ध मालक लग्नपत्रिकांवर आले. त्यांनी मराठी साप्ताहिक काढले, तेही दगडावरच.

एके दिवशी त्यांनी मला बोलावून घेतले. "मास्तर, लोगां अजून मराठी वाचायला शिकायलेत," ते म्हणाले. "आमीच शिकायलो. मागच्या पानावर तस्वीर द्या. हसले तर परचा घेतील."

मी दोन यमदूत काढले. आमचा जिल्हा नुकताच मुंबई राज्यात गेला होता आणि पुण्याकडचे कारकून बदली होऊन आमच्याकडे येऊ लागले होते. म्हणून माझा एक दूत जुन्या राजवटीतला, बारीक, शेरवानीतला. दुसरा पश्चिमेकडून बदली होऊन आलेला, जाडा, टोपीवाला. दोघे एकाच रेड्यावर बसून एका म्हातारीला न्यायला येतात. बारीक म्हणतो, "हुकूम की तामील हो." जाडा म्हणतो, "सदर इसमाने त्वरित उपस्थित राहावे." म्हातारीला दोन्हींतले काही कळत नाही, म्हणून ती जागची हलत नाही.

पण माला चालायची तर म्हातारीने दर आठवड्याला दूतांच्या हातून वाचायला हवे, आणि त्यासाठी मला काहीतरी नियम हवा होता. आमच्याकडे माणूस जायला लागले की त्याला बाजेवरून खाली भुईवर घेतात. बाजेवर जीव गेला तर तो अधांतरी राहतो, असे मानतात. मी तेच धरले. म्हातारी बाजेवर आहे तोवर दूतांना तिला हात लावता येत नाही, आणि म्हातारी तर बाजेवरून उतरायलाच तयार नाही. दूत ओट्यावर बसून राहतात. बसलेच आहेत म्हणून म्हातारी त्यांना कामे सांगते: आड शेंदा, शेंगा फोडा, ज्वारी पाखडा. लोकांना ते आवडले. आठवडी बाजाराच्या दिवशी पान हातोहात जाई. एकदा दगड नीट घासला गेला नाही आणि एका लग्नपत्रिकेत गणपतीच्या मागे जाड्या दूताच्या मिशा फिकट उमटल्या. मुलीचा बाप पत्रिकांचा गठ्ठा घेऊन आला, तेव्हा मालकांनी त्याला दोनदा चहा पाजला आणि सगळ्या पत्रिका फुकट छापून दिल्या.

म्हातारी अर्थातच अक्का होती. तिला अक्षर येत नव्हते. मी पान तिच्यापुढे धरून वाचून दाखवी आणि ती दुरुस्त्या सांगे.

"रेडा नुस्ता बांधून ठिवलास?" ती एकदा म्हणाली. "म्हातारी काय आंधळी हाय का? तिला म्हणू दे, दुधाला तर न्हाई कामाचा, मोटंला तरी जुंपा."

मी रेडा मोटेला जुंपला. ते पान सगळ्यांत जास्त खपले.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात अक्का आजारी पडली. आधी पाय सुजले, मग आडवे झाले की दम लागू लागला. सरकारी दवाखान्यातले डॉक्टर घरी आले. ते सभ्य, तरुण, पुण्याकडचे होते. त्यांनी तिची पाठ पाहिली आणि मला बाजूला घेतले.

"बाजेचा सुंभ सैल आहे, झोळी झाली आहे," ते म्हणाले. "पाठीला जखमा होत आहेत. त्यांना खाली फरशीवर जाड गादी घालून, पाठीला तक्क्या देऊन बसवा. गारवाही मिळेल. हृदयाचे मी फार काही करू शकणार नाही, पण हा त्रास तरी टाळता येईल."

मी अक्काला सांगितले. तिने डॉक्टरांकडे नीट निरखून पाहिले.

"हे बी तिकडूनच बदली होऊन आलेत का रं?" तिने विचारले.

"हो. का?"

"न्हाई, टोपी तेवढी न्हाई डोक्यावर. बाकी तोच."

डॉक्टर हसले. मीही हसलो. ती हसली नाही. "मी काही खाली उतरत न्हाई," ती म्हणाली आणि तिने भिंतीकडे तोंड केले.

आधी मला ती थट्टा वाटली. दुसऱ्या दिवशी शेजारच्या काकूंना घेऊन मी तिला उचलू लागलो, तेव्हा तिने बाजेची पाटी, कडेचे लाकूड, दोन्ही हातांनी घट्ट धरली. काकू म्हणाल्या, "अक्का, फरशी कशी गार हाय बघा." अक्का म्हणाली, "तुमी निजा मग." ती हट्ट करत नव्हती, हे मला तिच्या बोटांकडे पाहून कळले. ती घाबरली होती. जो नियम मी पान भरावे म्हणून काढला होता, तो तिने खरा धरला होता.

मी तिला समजावले. हे मी मनाने रचले, असे नसते, मी असल्या गोष्टींवर विश्वास ठेवत नाही, असे सगळे सांगितले. ती शांतपणे ऐकत राहिली. नंतर म्हणाली, "तू रचलंस ते मला ठाव हाय. पर माणूस खाली घेतात हे तू रचलंस का? आईला खाली घेतलं. बाबांना घेतलं. किती येळ राहिले ते मंग?"

दोघेही खाली घेतल्यावर फार वेळ राहिले नव्हते, हे खरेच होते.

जखमा वाढत गेल्या. दुपारी पत्रे तापले की ती एक हात बाजेखाली सोडून फरशीला बोटे टेकवून राही. तो हात मी रोज पाहत होतो. मला एवढेच करता येण्यासारखे होते म्हणून मी ते केले: पुढच्या आठवड्याच्या पानात दूतांना वरून नवा हुकूम आला. विलीनीकरणानंतर बाजेचा जुना कायदा रद्द. यापुढे बाज आणि भुई यांत फरक करू नये. म्हातारीची मुदत बेमुदत वाढवण्यात येत आहे. तिने वाटेल तिथे निजावे. छापखान्याच्या मालकांनी दगडावरचे चित्र पाहिले.

"मास्तर, मुदतच वाढली तर हे दोघं बसून काय करतील?" त्यांनी विचारले.

"राहू द्या, या आठवड्यापुरते."

"आपाची तबीयत कशी हाय?"

मी अक्काचे सांगितले. त्यांनी दगड स्वतः यंत्रावर चढवला.

मी पान वाचून दाखवले. अक्काने ते पूर्ण ऐकले, आणि त्या उन्हाळ्यात पहिल्यांदा तिच्या डोळ्यांत जुना खट्याळपणा आला.

"हे तू माझ्यासाठी काढलंस," ती म्हणाली.

मी पान तिच्या हातात दिले.

"लेका, हुकूम बदलला म्हणून कारकून बदलतेत का? निजाम गेला तरी तलाठी तोच हाय की." तिने पान घडी करून उशाखाली ठेवले. बाजेची पाटी मात्र तिने सोडली नाही.

एका सकाळी, ऊन चढायच्या आधी, मी तिला चमच्याने पेज भरवत असताना विचारले, "अक्का, तुला मरणाचं भ्या वाटतं का?"

"मरणाचं कशाचं?" ती म्हणाली. "मला तुझ्या दाजींचं भ्या वाटतं."

त्या घरात इतक्या वर्षांत दाजींचे नाव काय, विषयसुद्धा निघाला नव्हता. मी चमचा खाली ठेवला.

"ते गेले तवा मिशी बी फुटली नव्हती," ती सांगू लागली. दमामुळे ती तुटक बोलत होती. "तिकडं तसेच असतील की. मी ही अशी. समोर जाऊन कोण म्हणून उभी राहू? आजी म्हणून? आन मला तरी ते कसे वळखू यावेत? अंतरपाट सरला तवा माझी मान खाली. वर बघितलं तर मुंडावळ्याच मुंडावळ्या. तोंड काही दिसलं न्हाई. जन्मभर कुंकू न्हाई लावलं ज्याच्यापायी, त्याचं तोंड मला ठाव न्हाई."

मी तिच्या पायाशी बसून राहिलो. ती जे सांगत होती ते मला कधी सुचलेसुद्धा नव्हते. मी दोन दूत काढले, त्यांचा रेडा काढला, त्यांच्या मिशा काढल्या. पण ते जिथे नेतात तिथे कोण उभे असेल, हे काढायचा प्रसंग मी येऊ दिला नव्हता.

"तू होतास," ती म्हणाली. "तू बघितलंस. तू काढून दे. मला तोंड कळलं की मी उतरते."

त्या दिवसापासून मी कागद घेऊन बसू लागलो. लग्नात मी जेमतेम पाच वर्षांचा असेन. मंडपाच्या आंब्याच्या डहाळ्या आठवल्या, गुळाचे शेंगदाणे आठवले, ताशांना घाबरून मी रडलो ते आठवले. चेहरा आठवला नाही. दाजींच्या घराण्यात विचारायला कोणी उरले नव्हते. फोटो काढण्याची पद्धत तेव्हा खेड्यात नव्हतीच.

कोणताही एक गोरागोमटा मुलगा काढून देता आला असता. शाळेत असे शेकडो चेहरे माझ्यासमोर बसत. अक्काने तो मानला असता आणि ती त्याच दिवशी खाली उतरली असती; तिची पाठ मोकळी झाली असती. मी एक चेहरा काढलाही. नाक सरळ, डोळे मोठे. तो घेऊन तिच्या बाजेपर्यंत गेलो आणि परत फिरलो. तिकडे खरेच काही असेल असे मला वाटत नव्हते, आणि तरीही ती तिकडे जाऊन चुकीच्या मुलासमोर उभी राहील, ही कल्पना मला सहन झाली नाही. मी तो कागद चुलीत घातला. त्या दुपारीही तिची बोटे फरशीला टेकलेली होती.

काय आठवले ते अचानक आठवले, आणि तेही हाताला आठवले. नवरीच्या भावाने नवरदेवाचा कान पिळायचा, ही लग्नातली रीत. मला मामाने उचलून धरले होते आणि मी कान पिळला होता. तो कान मला आठवला. पाळी जाड, तापलेली. पाळीत सोन्याची बारीक बाळी, आणि कानामागे घामाने ओली झालेली हळद माझ्या बोटांना लागली होती. मी जरा जोरात पिळला असावा, कारण मांडवात हशा पिकला होता.

मी कान काढला. बाळी काढली. कानावरून पुढे लोंबणाऱ्या मुंडावळ्या काढल्या, आणि मुंडावळ्यांमागे कागद कोरा ठेवला. तो घेऊन मी अक्काकडे गेलो.

तिने कागद डोळ्यांजवळ नेला. "तोंड न्हाई काढलं?"

"मला आठवत न्हाई, अक्का."

"एवढा मोठा मास्तर तू."

"हो."

ती बराच वेळ पाहत राहिली. मग तिने बोट कानावर ठेवले. "हे तरी खरं हाय का?"

"खरं हाय. मी पिळला होता."

"बाळी होती?"

"होती."

"हळद?"

"कानामागं लागली होती. माझ्या हाताला लागली."

तिने कागद छातीवर ठेवला. मला वाटले ती रडेल. पण तिच्या ओठांच्या कडा हलल्या. "मंग पुरं हाय. मी समोर जातच न्हाई. मागून जाऊन कान पिळते. तोंड वळवतील तवा बघू कोण कुणाला वळखतंय."

थोड्या वेळाने ती म्हणाली, "घे खाली."

मी एकटाच होतो. काकूंना हाक मारायला हवी होती, पण मी मारली नाही. एक हात तिच्या पाठीखाली, जखमा चुकवून, आणि एक गुडघ्यांखाली घालून मी उभा राहिलो, आणि तिथेच थांबलो. जे मी मानत नाही असे तिला महिनाभर सांगत होतो, ते सगळे मी त्या क्षणी मानत होतो. माझ्या हातात तिचे वजन जवळजवळ नव्हतेच.

"अरे, ठिव की," अक्का म्हणाली. "कुणी यायलं न्हाई. मी बघायली दाराकडं."

मी तिला गादीवर ठेवले. तिने गाल गादीवरून सरकवून फरशीला लावला आणि डोळे मिटले. "लय गार हाय," ती म्हणाली. मी दाराकडे पाहत राहिलो.

त्या दिवशी कोणी आले नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. तिला तक्क्याला टेकून झोप लागू लागली, आणि एकदा तिने मला टोमणाही मारला की तुझे दूत नुसते पगार खायलेत. पण पायांची सूज पोटापर्यंत आली होती, आणि डॉक्टर आले तसे गेले. ती फरशीवरच, एका सकाळी, काकू तिचे केस विंचरत असताना गेली. कागद तिच्या पदराखाली होता. तो मी तिथेच राहू दिला.

त्या आठवड्याचे पान मी काढले नाही. मालकांनी निरोपही पाठवला नाही. नव्या हुकुमाच्या पानाचा दगड त्यांनी न घासता ठेवला होता, तोच पुन्हा छापला: तीच म्हातारी बाजेवर, तोच हुकूम, ओट्यावर तेच दोघे. बाजारात पान नेहमीसारखे खपले. नंतर मी मालकांना विचारले, कोणी तक्रार केली का. ते म्हणाले, कोणी नाही. लोकांना वाटले, दूत अजून बसलेत.