पडद्यामागची माणसं

वेनिंग नेमकं करते काय, हे जावा बेटावरच्या क्लातेनजवळच्या तिच्या गावात वीस वर्षांत कुणालाही धड सांगता आलं नव्हतं. ती नाचायची, पण गाण्याशिवाय. चित्रं काढायची, तीही काजळलेल्या काचेवर ओरखडे ओढून. सिनेमे करायची, त्यात ना नट ना गोष्ट. शेजारच्या तुमिराकाकू, म्हणजे बू तुमिरा, तोंडावर विचारायच्या, "अगं, तू नाचणारी की चितारी? एकदाचं ठरव. माझ्या सुनेला मी काय सांगू?"

वडील करसोनो सावल्यांच्या खेळासाठी चामड्याच्या बाहुल्या कोरायचे. त्यांनी मात्र कधी काही विचारलं नाही, की तिचा एकही खेळ पाहिला नाही. हे तिला फार लागायचं. आता त्यांची नजर चालली होती. डॉक्टरांनी वर्षभराचीच खात्री दिली, तेव्हा तिनं शहरातला खेळ रद्द करून गावातच, तंबाखू वाळवायच्या अंधाऱ्या कोठारात, भर सकाळी ठेवला.

खेळही अजबच होता. छपरातल्या भोकाशी आरसा लावून ऊन आत घ्यायचं. काजळी धरलेली फिल्म भिंगापुढून सरकवायची, सरकता सरकता छिन्नीनं खरवडायची आणि मध्येच पडद्यावर पडणाऱ्या त्या उजेडात शिरून नाचायचं, सगळं पडद्यामागून. पडद्यासमोर तिनं साठ खुर्च्या मांडल्या.

गाव आलं आणि सरळ पडद्यामागे जाऊन बसलं. सावल्यांचा खेळ इथं सगळे मागूनच बघतात. बाहुल्या नाचवणारा आणि वाजवणारे तिकडेच असतात ना! वेनिंग घाईनं त्यांच्यामागे गेली. मागे तर नुसता तिचा पसारा होता.

"बू, पुढे बसा ना. खेळ पुढे आहे."

"पुढं नुसता कपडा आहे. कपडा काय घरी नाही आम्हाला?" म्हणत बू तुमिरांनी चटई पसरली. वडील तर तिच्यापासून दोन हातांवर येऊन बसले. लांबचं त्यांना दिसतच नव्हतं.

ऊन काही थांबणार नव्हतं. पायाच्या दोरीनं आरसा वळवत, एका हातानं रीळ फिरवत, दुसऱ्यानं ती खरवडू लागली.

"ती छिन्नी माझी आहे," वडील म्हणाले.

शहरात शिकायला जाताना तिनं ती न विचारता उचलली होती.

"हो, बापक."

"वीस वर्षं शोधतोय." ते पुढे सरकले, तिची काळी बोटं अगदी जवळून निरखत राहिले. "धार चांगली राखलीस. पण मनगटात एवढा जोर कशाला? आण इकडे."

छिन्नी हातात घेऊन ते सहज खरवडू लागले. "पुढून कसं दिसतं हे?"

"माहीत नाही. मी कायम मागेच असते."

"मीसुद्धा. जन्मभर." त्यांचा हात थांबला नाही. "मला आता तिथवर दिसायचं नाही, न्दुक, पोरी. तू बघून घे आणि मला सांग."

दोरी आणि रीळ बू तुमिरांच्या हाती देऊन ती पुढे गेली, एका रिकाम्या खुर्चीवर बसली. पडद्यावर उजेडाची बारीक नक्षी उमटत होती, पुसली जात होती. तिला खूप आनंद झाला आणि रडूही आलं.

"सांग की, काय दिसतंय?" मागून आवाज आला.

"तुमचा हात, बापक," ती म्हणाली. "सावली छतापर्यंत पोचलीय."