भरलेल्या दंडाचं वॉरंट

कोर्टातल्या त्या बेलिफाला सगळे जप्तीमामा म्हणत, अर्थात पाठीमागे. एकोणतीस वर्षं तो एकच काम करत आला होता. चेक न वटल्याच्या खटल्यात कोर्टानं दंड ठोठावायचा, आरोपीनं तो थकवायचा, आणि मग यानं वॉरंट घेऊन दारात उभं राहायचं: दंड भरा, नाहीतर घरातल्या वस्तूंची यादी करू द्या. माणूस मुळात मवाळ. कुणाचं कपाट, कुणाचा फ्रिज उचलून आणला की दोन दिवस घरात कुणाशी धड बोलत नसे.

त्या दिवशीचं वॉरंट दातांच्या कवळ्या बनवणाऱ्या एका बाईच्या नावाचं होतं. जिन्याखालच्या खोलीत तिचं काम चाले. टेबलावर प्लास्टरचे जबडे ओळीनं मांडलेले, शेजारी घासायचं यंत्र, खोलीभर वितळलेल्या मेणाचा वास. खाटेवर सासू बसली होती.

"साहेब, दंड मी भरलाय," वॉरंट वाचून बाई म्हणाली. "दवाखान्यानं माझं बिल अडवलं, म्हणून माल देणाऱ्याला दिलेला चेक परत गेला. चूक माझीच होती. कोर्टानं सांगितला तेवढा दंड एकरकमी भरला. दोन वर्षं झाली."

"पावती दाखवा."

"घर बदलताना गहाळ झाली."

पावती गहाळ झाल्याचं मामानं इतक्या दारांत ऐकलं होतं की आता त्याच्या चेहऱ्यावरची रेषही हलत नसे. त्यानं यादीचा कागद काढला आणि त्याची नजर यंत्राकडे गेली.

"ते नेलंत तर आम्ही दोघींनी खायचं काय?" सासू म्हणाली. "त्यापेक्षा मलाच न्या."

"आजी, तुमची किंमत कोण लावणार?" मामा म्हणाला. मग, निदान विचारायचं म्हणून, बाईला विचारलं, "पैसे घेतले कुणी? खिडकीवर कोण होतं?"

"नाव नाही ठाऊक. पण तोंड आठवतंय. वरची कवळी सैल होती. 'सही करा' म्हणाले की खाली सरकायची, जिभेनं वर ढकलायचे. मी म्हटलं, काका, माझ्याकडे या, नीट बसवून देते. तर माझ्यावरच डाफरले."

मामाचं पेन थांबलं. हा तर रेकॉर्डातला म्हातारा कारकून. कॅशियरचं ऑपरेशन झालं तेव्हा तो जेमतेम बारा दिवस त्या खिडकीवर बसला होता आणि पुढच्याच महिन्यात निवृत्त झाला. ही गोष्ट मनानं रचून सांगणं कुणालाही शक्य नव्हतं.

त्यानं कागद घडी घालून खिशात ठेवला. "वॉरंटाची मुदत अजून आठ दिवस आहे. तोवर यंत्र चालू ठेवा."

कोर्टात कॅशियरनं त्याला उभंसुद्धा केलं नाही. "नोंद नाही म्हणजे भरला नाही. तुम्ही कशाला तिची वकिली करताय?" मामानं वाद घातला नाही. त्या बारा दिवसांची पावतीपुस्तकं रेकॉर्डरूममध्ये होती. जेवणाच्या सुट्टीत तो तिथं जाऊन बसू लागला. धूळ नाकातोंडात जायची, कार्बनची अक्षरं पुसट झालेली. तिसऱ्या दिवशी पावती सापडली. बाईचं नाव बरोबर, रक्कम पूर्ण, फक्त खटल्याच्या नंबरातले दोन आकडे उलटसुलट पडलेले. तिचा दंड दुसऱ्याच आरोपीच्या नावावर जमा झाला होता. तो गृहस्थ दोन वर्षं गप्प होता.

न्यायाधीशबाईंनी पावती पाहिली, कॅशियरला बोलावून दोन प्रश्न विचारले आणि पाच मिनिटांत वॉरंट रद्द केलं.

हुकुमाची नक्कल टपालानं गेली असती तरी चाललं असतं. मामा स्वतः घेऊन गेला. बाईनं ती आधी मनात वाचली, मग सासूला मोठ्यानं वाचून दाखवली आणि स्टुलावर बसली.

"म्हणजे आता कुणी येणार नाही?"

"कुणी नाही. मीसुद्धा नाही."

"तुम्ही या हो," सासू म्हणाली, "पण हात हलवत या."

मामा खो खो हसला. बाईनं डोळे पुसले, यंत्र सुरू केलं आणि अर्धवट राहिलेली कवळी हातात घेतली. जायची घाई नव्हती. तो दाराशी टेकून, एकेक दात जागेवर बसताना बघत राहिला.