एजन्सीच्या केसमधलं माझं शपथपत्र

आमच्या गावासाठी गॅस एजन्सीची जाहिरात निघाली तेव्हा अर्ज करणाऱ्यांत मी होतो आणि माझा शाळेपासूनचा दोस्तही होता. सोडतीत त्याचं नाव निघालं. मी दुसऱ्या क्रमांकावर राहिलो. पेढा त्याने सर्वांत आधी मलाच दिला आणि मी तो खाल्लाही.

गोदामासाठी त्याने रस्त्यालगतचा शेताचा तुकडा दाखवला होता. तो त्याचाच, हे गावात कोणीही सांगेल. वडील गेल्यावर तिघा भावांनी तोंडी वाटणी केली होती. आमच्याकडे अशीच होते. दोर धरून शेत मोजायचं, दगड रोवायचे, सातबाऱ्यावर मात्र सगळ्यांची नावं तशीच राहू द्यायची. पंच घरातला नको, म्हणून त्यांनी मला बोलावलं होतं. दोराचं एक टोक माझ्या हातात होतं.

म्हणूनच त्याच्या अर्जाची कच्ची बाजू मला ठाऊक होती. अर्जाच्या तारखेला जमीन एकट्या अर्जदाराच्या मालकीची हवी, अशी अट होती. मी केस टाकायला नागपूरला गेलो. वकिलांनी विचारलं, "वाटणी झाली होती का?" मी म्हणालो, "कागदावर नाही." त्यांनी पुढे विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. शपथपत्रात ‘सदर जमिनीची वाटणी झालेली नाही’ असं टाइप होऊन आलं. मी खाली सही केली.

निवडीला स्थगिती मिळाली आणि मग नुसत्या तारखा. कधी कंपनीच्या वकिलांना वेळ हवा असे, कधी आमचा नंबरच लागत नसे. दोन वर्षं अशीच गेली. गावातल्या बाया सिलिंडरसाठी राळेगावच्या गाडीची वाट पाहत राहिल्या. आमचं सिलिंडर संपलं की बायको चुलीत कापसाच्या वाळक्या पऱ्हाट्या सारताना मुद्दाम मोठ्याने म्हणायची, "एजन्सीवाल्याच्या घरचा धूर पाहा वं माय!" शेजारीण हसायची.

नागपूरला जायला सकाळची एकच एसटी सोयीची. तारखेला आम्ही दोघंही तीत असायचो. पहिल्यांदा मी मागे जाऊन बसलो. पुढच्या खेपेला गर्दी होती, तेव्हा त्यानेच सरकून जागा दिली.

"बस बे. कोर्टात तं आमनेसामने उभंच राहाचं आहे."

त्याने तिकीट काढून खिशात ठेवलं. मग म्हणाला, "वाटणी झालीच नाही म्हणतं तू. मंग त्या दिवशी आमच्या वावरात काय क्रिकेट खेळाले आलता?"

मागचा माणूस फसकन हसला.

त्या दिवशी मी वकिलांना म्हणालो, खरं सांगून टाकतो. "खोट्या शपथपत्राचं काय होतं, माहीत आहे ना?" त्यांनी विचारलं. मी पुढची तारीख विचारून बाहेर पडलो. भीतीचं कारण मी स्वतःला बरेच दिवस देत राहिलो. खरं म्हणजे एजन्सी मला हवीच होती.

शेवटी त्याची निवड रद्द झाली. कंपनीची माणसं माझी जागा पाहायला आली आणि वरून गेलेल्या विजेच्या मोठ्या तारा पाहून दहा मिनिटांत परत गेली. मीही बाद झालो. एजन्सीच्या यादीतून गावच गेलं.

तिथे थांबलं असतं, तर मी विसरायचा प्रयत्न केला असता. पण दोस्ताच्या थोरल्या भावाने माझ्या शपथपत्राची नक्कल मिळवली. "पंचच म्हणते का वाटणी झाली नाही," असं सांगत त्याने त्या तुकड्यावर हक्क मांडला आणि तहसीलमध्ये नव्याने वाटणीचा अर्ज दिला.

दोस्त घरी आला. ओसरीवर टेकलासुद्धा नाही. "एजन्सी गेली तं गेली. वावर तं राहू दे. जबाब देशील?"

मी जबाब लिहून तहसीलमध्ये गेलो. बाबूने दोन्ही कागद शेजारी ठेवले.

"कोणतं खरं?"

"हे आताचं."

"मंग आधी काहून खोटं लिहिलं, भाऊ?"

मी सांगायला लागलो, तर त्याने हात वर केला. "मले नको सांगू. साहेबांसमोर सांगजो. साहेब दौऱ्यावर आहेत, सोमवारी ये."

दोन सोमवार झाले, साहेब भेटलेले नाहीत. येत्या सोमवारी मी पुन्हा जाणार आहे. थोरल्याने मात्र काल त्या तुकड्यात तूर पेरली.