काकाजींचे रिकामे हात

तीन वर्षं "येते, येते" करत वैशालीला टोलवलं होतं. या जानेवारीत तिनं दम भरला, "या वेळी नाही आलीस तर बोलू नकोस." मग हिंदी मुलखातल्या तिच्या शहराकडे गाडी काढली. नागपूरहून शिवनीमार्गे पाच तास. रस्ता झकास, पण पेंचच्या जंगलात वेग आवरा आणि चहा लखनादौनलाच घ्या.

वैशाली माझी कॉलेजची मैत्रीण, प्रायोगिक व्हिडिओ करते. त्यात गोष्ट नसते, नट नसतात. खरं सांगते, तिच्या एका फिल्मला मी चक्क डुलकी काढली होती. ही नवी फिल्म मात्र तिच्या बाबांवर होती. बाबा, म्हणजे माझे काकाजी, संरक्षण खात्याच्या कारखान्यात तेहतीस वर्षं फिटर होते. तिथलं काम बाहेर बोलायचं नाही, म्हणून घरातही कधी एक शब्द नाही. वैशालीनं त्यांना अवजाराशिवाय, रिकाम्या हातांनी ते काम करून दाखवायला लावलं आणि फक्त हात टिपले. दोन वर्षं ती त्यावर काम करत होती. "बाबांची एवढीच खरी गोष्ट माझ्याकडे आहे," ती म्हणाली.

रविवारी अकराला राइट टाउनमधल्या एका छोट्या हॉलमध्ये ती दाखवायची होती. काकाजींचे जुने सोबती येणार होते, फक्त काकाजीच नाही म्हणत होते.

"काहून नाही येत?" वैशालीनं विचारलं.

"बस, नाही येत."

त्या सकाळी कांचघर भागात, त्यांच्या घराजवळ, पोहे आणि खोव्याची जिलबी खाल्ली. नऊच्या आत जा, नंतर जिलबी संपते. काकाजींनी दोन खाल्ल्या आणि मफलर गुंडाळून आमच्यासोबत निघाले.

पडद्यावर हात उचलत होते, फिरवत होते, ठोकत होते. पाच मिनिटांत पुढच्या रांगेतले एक म्हातारे गृहस्थ हसले. "अरे, ये तो उल्टा कर रहा है!" सगळी रांग हसली.

काकाजी ताडकन उठले. "मुद्दाम उलटं करून दाखवलं, बेटा. कॅमेऱ्यासमोर खरं कसं दाखवू? पण हे लोक समजून राहिले का मी असंच काम केलं!"

वैशालीचा चेहरा पांढराफटक पडला. मला तिच्याकडे बघवेना.

काकाजी तडक पडद्यापुढे जाऊन उभे राहिले. "इन लोगों को तो मालूम ही है. तू कॅमेरा आत ठेव." कार्यक्रम टिपायला आणलेला कॅमेरा तिनं पिशवीत ठेवला. मग त्यांनी सगळं पहिल्यापासून, नीट करून दाखवलं. पडद्यावरचे उलटे हात त्यांच्या स्वेटरवर हलत होते. शेवटी तेच गृहस्थ म्हणाले, "हाँ. अब सही." वैशाली रडत होती, आणि मीही.

येताना पनागरचे मटार आणले, गोड निघाले. घरी नवऱ्यानं विचारलं, "मग नेमकं काय काम करायचे ते?" मला सांगता आलं नाही. इतका जीव लावून बघितलेली गोष्ट, पण तिचा एकही फोटो माझ्याकडे नाही. बरंच झालं.

परवा वैशालीचा फोन आला. फिल्म तिनं तशीच ठेवलीय, शेवटी फक्त एक ओळ घातली: बाबांनी हे मुद्दाम चुकीचं करून दाखवलं आहे. काकाजींनी चष्मा लावून ती दोनदा वाचली.

"अच्छा," ते म्हणाले, "आता दाखव ज्याला दाखवायची त्याला."