स्टेटसचं परमिट

दुसऱ्याचं स्टेटस आपल्या स्टेटसवर ठेवण्याआधी त्या माणसाला फोन करणारा, आणि फोन लागला नाही तर त्याच्या दारापर्यंत चालत जाऊन 'ठेवू का?' असं विचारणारा माणूस सबंध नागपूरला एकच मिळाला. ते आमचे घरमालक. सबंध नागपूर मी पाहिलेलं नाही, हे कबूल करतो. चार वर्षांपूर्वी उमरेडकडच्या एका गावातून शिकायला आलो, तेव्हापासून कॉलेज, खोली आणि बसस्टँड एवढंच माझं नागपूर. आमच्या घरात कॉलेजात जाणारा मी पहिलाच, त्यामुळे मोठी विधानं करायची मला भीती वाटते. पण हे विधान मी मागे घेणार नाही.

मी आणि माझ्या गावचा नितेश, आम्ही दोघं त्यांच्या गच्चीवरच्या खोलीत राहतो. आम्ही त्यांना काकाजी म्हणतो. काकाजींची सारी नोकरी कोराडीच्या वीज केंद्रात, कंट्रोल रूममध्ये गेली. तिथला एक नियम त्यांनी पहिल्याच दिवशी, खोलीची किल्ली देण्याआधी, आम्हाला सांगितला होता. कोणाला लाईनवर काम करायचं असेल तर त्यानं आधी परमिट घ्यायचं. मग स्विच बंद करून त्यावर 'माणसं काम करीत आहेत' अशी पाटी लावायची. काम झालं की ज्यानं परमिट घेतलं त्यानंच येऊन, सही करून, ते वापस द्यायचं. तोवर कोणीही स्विचला हात लावायचा नाही, मग मोठा साहेब ओरडला तरी. आम्ही माना डोलावल्या. आम्हाला वाटलं, नळाच्या मोटरबद्दल सांगताहेत.

पण काकाजींनी निवृत्तीनंतर हाच नियम मोबाइलला लावला होता. स्टेटस चोवीस तासांनी आपोआप पुसलं जातं, म्हणून लोक ते रस्त्यावर पडलेलं समजून उचलतात. काकाजींना हे मान्य नव्हतं. चोवीस तास पाहुणा म्हणून आलेल्या माणसाला तर जास्त जपायचं असतं, असं ते म्हणत. त्यांच्याकडे एक लांबट वही होती. कोणाचं स्टेटस, कशाबद्दल, किती वाजता विचारलं, किती वाजता ठेवलं, किती वाजता काढलं, असे रकाने. शेवटच्या रकान्याचं नाव 'परमिट वापस'. भाचीनं साखरपुड्याचे फोटो टाकले की हे तिला फोन करून विचारणार, तिच्या नवऱ्यामुलाला वेगळं विचारणार ('फोटोत तोही हाय न'), आणि दुसऱ्या दिवशी बरोबर त्या वेळेला पुन्हा फोन, "तुमचे फोटो उतरवले बरं का. परमिट वापस." तोवर भाची ब्युटी पार्लरमध्ये असायची आणि तिला काहीच आठवत नसायचं.

एकदा त्यांच्या साडूंनी सुप्रभातचा गुलाब टाकला. काकाजींना गुलाब आवडला. विचारलं तर साडू म्हणाले, मला तो वर्ध्याच्या मित्रानं पाठवला. वर्ध्याच्या मित्राला तो त्याच्या शाळेतल्या सरांनी पाठवला होता, सरांना सुनेनं, सुनेला तिच्या भिशीतल्या बाईनं. काकाजी तीन दिवस फोन करत त्या गुलाबाच्या मागे मागे गेले. भिशीतल्या बाईंनी "कोण बोलून राहिले तुम्ही?" म्हणून फोन ठेवला, तेव्हा शोध संपला. "मूळ मालक सापडत नाही," काकाजी गंभीरपणे म्हणाले, आणि गुलाब लावला नाही. पुढे महिनाभर कोणी गुलाबाचं चित्र टाकलं की ते मला दाखवून विचारायचे, "हा तोच आहे का गा?"

दुसऱ्याचं स्टेटस नुसतं पाहायचं असलं तरी ते आधी अंगात शर्ट घालत. उन्हाळ्यात, कूलरसमोर बनियानवर बसलेला हा माणूस, मोबाइल हातात घेऊन आधी उठणार, खुंटीवरचा शर्ट घालणार, वरपर्यंत बटणं लावणार आणि मग पाहायला बसणार. मी न राहवून कारण विचारलं. ते म्हणाले, "आपण पाह्यलं हे त्याले दिसते न? म्हणजे आपण त्याच्या घरी गेलो. बनियानवर जाते का कोणी कोणाच्या घरी?" शेजारच्या बाईंनी एकदा 'आज मन खूप उदास आहे' असं टाकलं. लोकांनी रडके चेहरे पाठवले. काकाजी शर्ट घालून थेट त्यांच्या दारात. "काय झालं वं ताई?" ताईंचा मिक्सर जळला होता आणि दुपारी सासरचे येणार होते. काकाजींनी पेचकस मागवला आणि तासाभरात मिक्सर चालू केला. "रडका चेहरा पाठवून मोटर चालू होते का?" ते मला म्हणाले.

काकू या सगळ्याला वैतागलेल्या असत. "याइनं लग्नात माह्या गळ्यात हार घालायच्या आधी पण इचारलं होतं, घालू का म्हणून. सारा मांडव हसला."

"तू मान हलवली होती," काकाजी वहीतून डोकं न काढता म्हणत.

"हारानं मान खाजून राहिली होती, म्हणून हलवली!"

"हार तर घातलाच नव्हता तवा," काकाजी म्हणत. मग काकू जरा लाजत आणि चहा ठेवायला आत जात.

खरं सांगायचं तर मीही मनातून हसायचो. माझं हसू एका सकाळी थांबलं.

नितेश सकाळी सहा ते नऊ लकडगंजमधल्या एका ठोक दुकानात माल उतरवायचा आणि मग कॉलेजला यायचा. हे त्यानं घरी सांगितलेलं नव्हतं, आणि सांगितलेलं नाही हे मला नंतर कळलं. त्याचे बाबा विणकर. मागावर बसून बसून कंबर गेलेली, तरी साऱ्या गावात सांगायचे, "आमचा नितेश तिकडं पुस्तकाशिवाय काही उचलत नाही." त्या सकाळी नितेशनं स्टेटसवर एक फोटो टाकला. पाठीवर चणाडाळीचं पोतं, दात सगळे बाहेर, खाली लिहिलेलं, 'फुकटचा जिम'. हा फोटो त्यानं गावच्या लोकांपासून लपवून ठेवला होता. असं लपवता येतं, हेच मला तेव्हा माहीत नव्हतं. मला तो फोटो पाहून भरून आलं. आपला मित्र किती कष्ट करतो, आणि हसतो. मी स्क्रीनशॉट घेतला, शब्द जुळवायला पंधरा मिनिटं घालवली, आणि माझ्या स्टेटसवर टाकला, 'शिकता शिकता घाम गाळणारा माझा भाऊ. अभिमान आहे.' माझ्याकडून कधी कोणाबद्दल इतकं चांगलं लिहून झालं नव्हतं. दुपारपर्यंत ते साठ जणांनी पाहिलं. त्यात आमचं निम्मं गाव होतं, आणि नितेशचे बाबाही होते.

तीन वाजता त्याच्या बाबांचा फोन आला. नितेशनं फोन ठेवला आणि दोरीवरचे आपले कपडे काढून घड्या घालायला लागला. "बाबा म्हणते, पोतीच उचलायची असन तर गावात का कमी हायेत. उद्या ये म्हणते." मग माझ्याकडे वळला. "कोणाले इचारून टाकलं बे?"

"चांगलंच लिहिलं होतं न यार…"

"चांगलं का वाईट, ते नाही इचारलं मी. कोणाले इचारलं?"

शेवटच्या वर्षाची परीक्षा तीन महिन्यांवर होती. मी स्टेटस काढून टाकलं आणि खाली काकाजींकडे गेलो. सगळं सांगितलं. ते बनियानवर होते. ऐकता ऐकता उठून त्यांनी शर्ट घातला.

"काढून टाकलं मी लगेच, काकाजी."

"म्हणजे तू स्विच बंद केला. चटका बसला त्याचं काय?"

"पण माझ्या मनात वाईट नव्हतं…"

"चांगल्या माणसानं दाबलं तरी स्विच तोच असते गा." ते रागावले नव्हते, तेच मला जास्त लागलं. "कंट्रोल रूममध्ये बसून लाईनवर कोण चढून हाय, हे आपल्याले दिसत नाही. दिसत नाही म्हणून तर इचारायचं." मग त्यांनी वही उघडली, माझं नाव लिहिलं आणि शेवटचा रकाना रिकामा ठेवला. "उद्या जा त्याच्या बाबाकडे."

"पण मी परमिट घेतलंच नव्हतं, तर वापस काय देऊ?"

"मग तर पायी जायले पाहिजे," काकाजी म्हणाले. पण दुसऱ्या दिवशी इस्त्रीचा शर्ट घालून, पिशवीत वही टाकून, माझ्या आधी तेच बसस्टँडवर उभे होते. नितेशला मी एवढंच म्हणालो होतो, "एक दिवस थांब." त्यानं हो म्हटलं नाही आणि नाही पण म्हटलं नाही.

नितेशचे बाबा मागावर होते. आम्हाला पाहून त्यांनी हात थांबवला नाही. मी रस्ताभर पाठ केलेली वाक्यं विसरलो. म्हणालो, "मामाजी, चूक माझी आहे. मी त्याला न विचारता टाकलं."

"फोटो खोटा होता का?"

"नाही."

"मग चूक कायची?" मागाचा धोटा इकडून तिकडे गेला. "लोकं येऊन येऊन मले दाखवून राहिले. पाहा म्हणे, तुयं पोरगं पुस्तक उचलून राहिलं."

काकाजींनी मधे विचारलं, "मी काही तो फोटो पाह्यला नाही, भाऊ. कसं दिसते पोरगं त्यात?"

बाबांचा हात थांबला. "हसून राहिलं," ते म्हणाले.

"पोत्याखाली?"

"पोत्याखाली." मग हळूच म्हणाले, "मले त्याच्या पोतं उचलण्याचा राग नाही जी. म्या का जन्मभर गादीवर बसून खाल्लं? पण मले त्यानं सांगाले पाह्यजे होतं. गावानं नाही."

"तेच तर," काकाजी म्हणाले. "सांगायचा हक्क त्याचा होता. यानं तो उचलून नेला. आता पोराले एक डाव त्याच्या तोंडानं सांगू द्या. मग तुम्ही ठरवा."

बाबांनी त्या दिवशी हो म्हटलं नाही. फक्त म्हणाले, रविवारी येतो. आणि आले. नितेशनं त्यांना लकडगंजला नेलं, दुकान दाखवलं, शेठला भेटवलं. मला सोबत नेलं नाही, ते बरोबरच होतं. परत आल्यावर बाबा काकूंच्या हातचा चहा पीत फक्त एवढंच बोलले, "पोत्याची वीण लय ढिली हाय तिथं. डाळ गळन." मग नितेशचे घडी घातलेले कपडे पुन्हा दोरीवर गेले. काकाजींनी वही काढून माझ्या नावापुढचा शेवटचा रकाना भरला.

नितेश माझ्याशी नीट बोलायला मात्र तीन आठवडे लागले. मग एका सकाळी त्यानं स्टेटस टाकलं. त्यात तो, बाबा आणि मधे एक पोतं, आणि या वेळी कोणापासून लपवलेलं नव्हतं. मी त्याच्या शेजारीच बसलो होतो. तरी रीतसर विचारलं, "ठेवू का?"

"विचार करून सांगतो," तो म्हणाला आणि आंघोळीला गेला. पंधरा मिनिटं मला ताटकळत ठेवलं त्यानं. मग आतूनच ओरडला, "ठेव बे!"

तो परीक्षा पास झाला, मीही झालो. आता आम्ही दोघंही त्याच कॉलेजात पुढचं शिकतो आहोत आणि त्याची सकाळची पोती अजून सुटलेली नाहीत, पण गावात आता त्याचे बाबाच ते सांगतात. काकाजी आणि काकू दिवाळीनंतर पुण्याला मुलीकडे राहायला गेले. काकूंचे गुडघे आणि काकाजींचा मोतीबिंदू, दोन्ही तिकडे बघायचं ठरलं. निघताना मला वाटलं होतं, ती वही ते मला देतील. दिली नाही. "मी का तिथं रिकामा बसू?" म्हणाले. खालचं घर बंद आहे. खुंटीवर त्यांचा एक जुना शर्ट राहिलाय, तो खिडकीतून दिसतो.

त्यांच्याबद्दल हे लिहायचं ठरवलं तेव्हा अर्थातच फोन करून विचारलं. त्यांनी दोन दिवस घेतले. मग म्हणाले, "लिही. माह्यं नाव नको टाकू. अन् साडूचं तर बिलकुल नको." म्हणून नाव नाही.

अजूनही मी काही टाकलं, कॉलेजमधल्या कडुनिंबाचा फोटो किंवा आमच्या वाचनालयाची खिडकी, की थोड्या वेळानं फोन येतो. आता त्यांना नीट दिसत नाही, फोटोत काय आहे ते काकू सांगतात. "मस्त हाय गा. ठेवू का मी?"

मी कधीच लगेच हो म्हणत नाही. हो म्हटलं की त्यांचं काम संपतं आणि ते फोन ठेवतात. "थांबा काकाजी, विचार करतो," मी म्हणतो. मग ते थांबतात, आणि तोवर पुण्याचं ऊन, मुलीकडचा मिक्सर, काकूंचे गुडघे असं एकेक सांगत राहतात. मी ऐकत राहतो. अजून परवानगी दिलेली नसते.